रोम, खिसा सांभाळून: सहा दिवसांची वाट आणि हिशेब

रोममधल्या पहिल्याच दुपारी माझे १९ युरो गेले, तेही बसण्यापायी. रात्रभरचा विमानप्रवास करून, खोलीवर बॅगा टाकून मी आणि आई बाहेर पडलो होतो. तासाभरात आईचे गुडघे कुरकुरायला लागले, मला तहान लागली आणि समोर नेमका एक देखणा चौक आला. चौकात पांढऱ्या कापडाची टेबलं मांडलेली. दोन कॅपुचिनो, एक पाण्याची बाटली आणि केकचा एक तुकडा. बिल आल्यावर आईनं मनातल्या मनात रुपयांत हिशेब केला. "एवढ्यात कोल्हापुरात चौघांची ताटं झाली असती गं," म्हणाली आणि उरलेलं पाणी पर्समधल्या बाटलीत ओतून घेतलं.

रात्री वही काढून बसले तेव्हा लक्षात आलं, की त्या दिवशी काही बघण्यासाठी आम्ही एक सेंटही दिला नव्हता. सगळे पैसे थकव्यानं खाल्ले होते. रोममध्ये हे असंच होतं. शहरातला उत्तम माल बराचसा फुकट आहे. खिसा रिकामा होतो तो भूक, तहान आणि दुखरे पाय भलत्या जागी गाठतात तेव्हा. त्यामुळे खालचं सगळं नियोजन या तिघांना चुकवण्याचं आहे.

आधी महिना ठरवा

तिकीट शोधण्याआधी महिना ठरवा. जानेवारीचा मध्य ते मार्चची सुरुवात आणि नोव्हेंबर हे स्वस्ताईचे दिवस. थंडी असते, पण नाशिक-महाबळेश्वरची थंडी काढलेल्या माणसाला एक बरं जॅकेट पुरतं. ईस्टरच्या आसपास खोल्यांचे भाव चढतात. ऑगस्टमध्ये ऊन भाजून काढतं आणि इटलीतल्या १५ ऑगस्टच्या सुट्टीच्या आगेमागे बरीच घरगुती खानावळवजा दुकानं बंद असतात.

महिना ठरला की पहिला रविवार कुठे येतो ते बघा. त्या दिवशी इटलीतली सरकारी संग्रहालयं आणि उत्खननस्थळं सगळ्यांना मोफत असतात. शिवाय २५ एप्रिल, २ जून आणि ४ नोव्हेंबर या तारखाही मोफत. याचा उपयोग कसा करायचा (आणि कसा करायचा नाही) ते पुढे सांगते.

इटलीसाठी शेंगेन व्हिसा (युरोपातल्या बऱ्याच देशांचा सामाईक व्हिसा) लागतो. त्याची फी मोठ्यांना ९० युरो. सोबत किमान ३०,००० युरोंचं संरक्षण देणारा प्रवास विमा लागतो. प्रवासाच्या सहा महिने आधीपासून अर्ज करता येतो. शेवटच्या पंधरवड्यापर्यंत थांबू नका. अपॉइंटमेंट लवकर मिळवून देतो म्हणणाऱ्या मध्यस्थाला दिलेले पैसे हे या सहलीतले सगळ्यात वाया जाणारे पैसे.

सामान भरताना एक गोष्ट ध्यानात ठेवा. भारतातून युरोपात मांस आणि दुधाचे पदार्थ नेता येत नाहीत. म्हणजे तूप, पेढे, बर्फी घरीच. मेतकूट, भाजणी, लसणाची चटणी, गोडा मसाला मात्र बिनधास्त न्या.

राहायचं कुठे

टर्मिनी या मुख्य रेल्वे स्टेशनच्या आसपासचा भाग फार देखणा नाही, पण स्वस्त आहे आणि मेट्रोच्या ए आणि बी या दोन्ही मार्गिका तिथे मिळतात. वसतिगृहात एक खाट मंदीच्या दिवसांत साधारण ३० ते ४० युरोंत पडते. दोघांसाठी साधी खोली त्याच्या दुपटीच्या आसपास. थोडं दूर, पण मेट्रोच्या जवळ, असा सान जोव्हान्नीचा परिसर मला जास्त आवडला. तिथे संध्याकाळी पर्यटक नाही, भाजी घेऊन घरी चाललेली माणसं दिसतात.

आई बरोबर होती म्हणून आम्ही ननांच्या अतिथिगृहात राहिलो. रोममध्ये अशी घरं पुष्कळ आहेत. खोल्या स्वच्छ, शांत आणि अगदी साध्या. रात्री ठरावीक वेळेनंतर दार बंद होतं. आम्हाला त्याची अडचण नव्हती, तुम्हाला असेल तर आधी विचारा.

बुकिंग करताना दिसणाऱ्या रकमेत बहुधा शहराचा पर्यटक कर धरलेला नसतो. तो माणशी, दर रात्रीचा असतो आणि तिथे गेल्यावर वेगळा घेतात. जागेच्या दर्जाप्रमाणे तो साडेतीन युरोंपासून १० युरोंपर्यंत जातो. सहा रात्री आणि दोन माणसं धरली तर आकडा दुर्लक्ष करण्याजोगा राहत नाही.

स्वयंपाकघर वापरायला मिळतं का, हा प्रश्न मी खोलीत एसी आहे का याच्या आधी विचारते.

विमानतळावरून शहरात

फ्युमिचिनो विमानतळावरून टर्मिनीला थेट जाणारी लिओनार्दो एक्सप्रेस १४ युरो घेते आणि ३२ मिनिटांत पोचवते. पाट्याही तिच्याच मोठ्या लावलेल्या असतात. त्याच स्टेशनातून एफएल-१ नावाची साधी लोकल सुटते. तिचं तिकीट ८ युरो. ती टर्मिनीला जात नाही. ऑस्तिएन्से स्टेशनवर उतरायचं, भुयारी वाटेनं पिरामिदे मेट्रोला यायचं आणि दीड युरोच्या तिकिटात पुढे जायचं. माणशी साडेचार युरो वाचतात. मोठी बॅग एकच असेल तर बसही चांगली. टर्मिनीपर्यंत साधारण सहा ते आठ युरो, रस्ता मोकळा असेल तर तासाभरात.

शहरात बस, ट्राम आणि मेट्रोला एकच तिकीट. दीड युरो, १०० मिनिटं. त्यात बस हव्या तेवढ्या बदला, मेट्रोत मात्र एकदाच शिरता येतं. "टी" अक्षराची पाटी असलेल्या तंबाखूच्या दुकानात ते मिळतं. बसमध्ये चढल्यावर ते यंत्रात घालून छापून घ्यायचं. खिशात तिकीट आहे पण छापलेलं नाही, तर तपासनिसाच्या लेखी तुम्ही विनातिकीटच, आणि दंड पन्नास युरोंच्या वर. संपर्करहित बँक कार्ड टेकवूनही चालतं, पण परदेशी व्यवहारावर तुमची बँक काय कापते ते निघण्याआधी विचारून घ्या.

दिवसाचे पास, तीन दिवसांचे पर्यटक पास यांच्या भानगडीत आम्ही पडलो नाही. मधलं रोम चालण्याचं आहे. आमची दिवसाला फार तर दोन तिकिटं लागली.

तहान: नाकाडे नळ

रस्त्याच्या कडेला, हात-सव्वा हात घेराचा, कमरेएवढा एक लोखंडी खांब आणि त्यातून वाकून बाहेर आलेली तोटी. पाणी अखंड वाहत असतं. आपल्याकडच्या सवयीनं आईनं आधी तो बंद करायची चावी शोधली. चावी नसतेच. या नळांना रोमकर "नासोने" म्हणतात, म्हणजे मोठ्या नाकाचा. १८७४ पासून ते बसवले जाऊ लागले आणि आज शहरात सुमारे अडीच हजार आहेत. घरोघरी येतं तेच पाणी, पिण्याजोगं आणि दात शिवशिवतील इतकं गार.

तोटीच्या पाठीवर एक बारीक भोक असतं. खालचं तोंड बोटानं दाबलं की त्या भोकातून पाण्याची कमान उडते आणि उभ्या उभ्या पिता येतं. पहिल्यांदा बाही भिजते. दुसऱ्या दिवसापासून जमतं. बाटली बरोबर ठेवली तर सहा दिवसांत पाण्यावर शून्य खर्च.

कॉफी उभ्यानं

इटलीत "बार" म्हणजे दारूचा गुत्ता नव्हे. सकाळी शाळकरी पोरंही जिथे क्रॉसाँ खातात ते कॉफीचं दुकान. तिथे दरपत्रकात दोन रकाने असतात: काउंटरपाशी उभ्यानं आणि टेबलावर. उभ्यानं एस्प्रेसो साधारण सव्वा ते दीड युरो, कॅपुचिनो त्याहून थोडी महाग. तीच कॉफी नामांकित चौकात बसून घेतली की तिपटी-चौपटीवर जाते. बऱ्याच ठिकाणी आधी गल्ल्यावर पैसे भरून पावती घ्यायची आणि ती काउंटरवर ठेवून कॉफी मागायची, अगदी उडप्याकडच्या कूपनासारखं.

या सव्वा युरोत दुसरीही गोष्ट मिळते: स्वच्छतागृह. सार्वजनिक स्वच्छतागृहं कमी, स्टेशनातल्याला पैसे पडतात. कॉफी प्यायली की "बान्यो?" विचारायचं. आईसारख्या प्रवाशाबरोबर असाल तर दिवसाची आखणी यावरच करावी लागते.

आणि बसायचं कुठे? चर्चमध्ये. बाक आहेत, सावली आहे, कोणी उठवत नाही, आणि डोक्यावर कुठल्यातरी थोर चित्रकाराचं छत असतं. स्पॅनिश पायऱ्यांवर मात्र टेकू नका. २०१९ पासून तिथे बसायला बंदी आहे आणि शिट्टी वाजवणारे पोलीस दंडही करतात.

पोटाची सोय

दुपारचं जेवण म्हणजे "पिझ्झा अल ताल्यो". मोठ्या चौकोनी परातीतून कात्रीनं किंवा सुरीनं तुकडा कापून, वजनावर विकतात. भावाच्या पाटीवर कधी किलो असतो, कधी "एत्तो". एत्तो म्हणजे १०० ग्रॅम. ही गंमत न कळल्यानं पुष्कळजण स्वस्त समजून भला मोठा तुकडा मागतात. हातानं केवढा हवा ते दाखवा. विकणारा सुरी टेकवून विचारतो, तेव्हा "कमी" अशी खूण करा. अडीचशे ग्रॅममध्ये एका माणसाचं पोट भरतं आणि साधारण चार-पाच युरो होतात.

शाकाहारी असाल तर थोडं सावध राहा. सुप्ली नावाचा तळलेला भाताचा गोळा बटाटेवड्यासारखा निष्पाप दिसतो, पण मूळ पद्धतीत आत मांसाचा रस्सा असतो. कार्बोनारा आणि आमात्रिचाना या दोन्ही पास्तांत डुकराच्या गालाचं मांस. काच्यो ए पेपे, म्हणजे चीज आणि मिरीचा पास्ता, मांसाविना असतो, पण त्यातलं पेकोरिनो चीज कोकराच्या पोटातल्या विरजणानं लावलेलं असतं. काटेकोर पाळणाऱ्यांनी पिझ्झा मारिनारा घ्यावा. टोमॅटो, लसूण, ओरेगानो, चीज नाहीच. "सेन्त्सा कार्ने?" एवढे दोन शब्द पाठ करा. मांस नाही ना, असा अर्थ.

रात्री आम्ही खोलीवर शिजवायचो. टर्मिनीपासून चालत दहा मिनिटांवर पियात्सा व्हित्तोरियो आहे. तिथल्या एस्क्विलिनोच्या छपराखालच्या बाजारात आणि आसपासच्या बांगलादेशी-भारतीय दुकानांत मसूर डाळ, हिरव्या मिरच्या, कोथिंबीर, बासमती, आटा सगळं मिळतं. बाजार सकाळी गाठायचा. दोन दिवसांचा भाजीपाला आणि डाळ-तांदूळ आमच्या त्या पहिल्या कॉफीच्या बिलापेक्षा स्वस्तात आला. एकदा तरी बाहेर बसून जेवा, जरूर. फक्त दारात उभं राहून बोलावणारा माणूस आणि फोटोंचं मेन्यूकार्ड दिसलं की पुढची गल्ली धरा, आणि बिलात पाव-सेवेचे वेगळे पैसे लावलेत का ते बघा.

एका दिवसात फुकटचं रोम

हा दिवस मी घड्याळासकट सांगते, कारण वेळेवरच सगळं अवलंबून आहे. लहान चर्चेस साधारण साडेबाराला बंद होतात आणि दुपारी तीन-चारला उघडतात. खांदे आणि गुडघे झाकलेले हवेत. ओढणी उपयोगी पडते.

सकाळी नऊच्या आत फ्लामिनिओ मेट्रोला उतरा. समोरच सांता मारिया देल पोपोलो चर्च. आत वेदीच्या डावीकडच्या छोट्या दालनात चित्रकार काराव्हाज्जोची दोन चित्रं: घोड्यावरून कोसळलेला संत पॉल आणि उलटा क्रूसावर चढवला जाणारा संत पीटर. अंधार असेल तर नाण्याचं यंत्र शोधा. नाणं टाकलं की दिवा लागतो. घाई नसेल तर दोन मिनिटं थांबा, दुसरं कोणीतरी टाकतंच. (हा सल्ला आईचा. मी रोज एक तरी नाणं टाकत होते.)

तिथून रिपेत्ता रस्त्यानं दक्षिणेला वीसेक मिनिटं चालत सांत आगोस्तीनो. डावीकडच्या पहिल्या दालनात पुन्हा काराव्हाज्जो. दारात बाळाला घेऊन उभी मेरी आणि तिच्यापुढे गुडघे टेकलेले दोन म्हातारे यात्रेकरू. पुरुषाचे तळवे आपल्याकडे आहेत, मळलेले, रस्त्याची धूळ बसलेले. वारीहून परतलेल्या माणसाचे असावेत तसे. त्या काळी या मळक्या पायांवरून बोभाटा झाला होता. आई त्या चित्रासमोर सगळ्यात जास्त वेळ बसली.

दोन मिनिटांवर सान लुइजी देइ फ्रांचेजी. इथे संत मॅथ्यूच्या आयुष्यावरची त्याचीच तीन चित्रं. या तिन्ही चर्चमधली सहा चित्रं एखाद्या संग्रहालयात असती तर तिकिटाला रांग लागली असती.

पुढे पँथिऑन, जुनं रोमन देवालय. जुलै २०२३ पासून इथे ५ युरो तिकीट आहे आणि ते मी आनंदानं देते. सम्राट हाड्रियनच्या काळातली ही वास्तू. घुमटाचा व्यास आणि जमिनीपासून माथ्यापर्यंतची उंची दोन्ही सुमारे ४३.३ मीटर. माथ्याला उघडं भोक आहे, पाऊस थेट आत पडतो आणि फरशीतल्या बारीक छिद्रांतून वाहून जातो. पाऊस आला तर खट्टू होऊ नका, पँथिऑनकडे पळा. बाहेर मागच्या बाजूला शिल्पकार बर्निनीचा छोटा हत्ती पाठीवर इजिप्तचा स्तंभ घेऊन उभा आहे. साडेबाराच्या आत जमलं तर सांत इन्यात्सिओ चर्चचा घुमट बघा. तो घुमट नाहीच, सपाट छतावर रंगवलेला आहे.

पिझ्झाचा तुकडा घेऊन लार्गो आर्जेन्तिनाच्या कठड्याशी या. खाली खड्ड्यात जुन्या देवळांचे अवशेष आहेत. इसवी सनपूर्व ४४ मध्ये ज्युलियस सीझरचा खून झाला तो परिसर हाच. आता तिथे मांजरं ऊन खात पडलेली असतात. मग काम्पिदोल्यो टेकडी चढा आणि चौकातल्या मधल्या इमारतीच्या बाजूनं मागे जा. अख्खा रोमन फोरम, म्हणजे प्राचीन रोमचा मुख्य चौक, पायाखाली पसरलेला दिसतो, एक पैसा न देता.

इथे मराठी माणसानं जरा रेंगाळावं. याच फोरममध्ये मिऱ्यांची सरकारी कोठारं होती, आपल्या किनाऱ्यांवरून आलेल्या मालाची. त्या काळच्या ग्रीक खलाशी-मार्गदर्शिकेत कल्याण, सोपारा, पैठण आणि तेर यांची नावं येतात. भारत दरवर्षी आपले ५ कोटी सेस्टर्स (रोमन नाणी) ओढून नेतो, अशी तक्रार रोमन लेखक थोरल्या प्लिनीनं लिहून ठेवली आहे. आणि कोल्हापूरच्या ब्रह्मपुरी टेकडीच्या उत्खननात निघालेली समुद्रदेव पोसायडनची छोटी ब्राँझ मूर्ती टाउन हॉल संग्रहालयात आहे. ती मी शाळेच्या सहलीत बघितली होती आणि तेव्हा मला काही म्हणजे काही कळलं नव्हतं.

तीननंतर कोलोसियमच्या वरच्या अंगाला सान पिएत्रो इन विन्कोली. मायकेलअँजेलोनं घडवलेला मोझेसचा पुतळा, फुकट. दाढीत गुंतलेली बोटं जवळून बघा. मग परत फिरून साडेपाचच्या आत जेसू चर्च गाठा. तिथे रोज संध्याकाळी संगीत आणि प्रकाशात जेझुइट पंथाचा संस्थापक इग्नेशियस लोयोला याच्या वेदीवरचं चित्र हळूहळू खाली सरकतं आणि मागून त्याचा चकाकता पुतळा प्रकटतो. समोरच्या बाजूच्या वेदीवर सेंट फ्रान्सिस झेवियरचा उजवा हात ठेवलेला आहे. बाकीचं बहुतेक शरीर आपल्या जुन्या गोव्यात, बॉम जेझूमध्ये. दोन्ही चर्चच्या नावातही येशूच.

पैसे द्यायचे तिथे द्या

कोलोसियमचं तिकीट १८ युरो, त्यात फोरम आणि पॅलाटाइन टेकडीही येते. तिकिटं नावानिशी असतात, पासपोर्ट लागतो आणि अधिकृत संकेतस्थळावर ती ३० दिवस आधी खुली होतात. त्या दिवशी सकाळी बसून काढा. चुकलात तर तेच तिकीट दलालाकडून दुप्पट-तिपटीनं घ्यावं लागतं. अठराच्या आतल्या मुलांना मोफत, कुठल्याही देशाची असोत.

पहिल्या रविवारी कोलोसियमला जाऊ नका. वाचलेले १८ युरो रांगेत उभं राहून फेडावे लागतात.

व्हॅटिकन संग्रहालयं महिन्याच्या शेवटच्या रविवारी मोफत, नऊ ते दोन, साडेबारानंतर प्रवेश नाही. एरवी २० युरो आणि ऑनलाइन आरक्षणाचे ५. आईला घेऊन मी पैसे देऊन गेले. सेंट पीटर्स बॅसिलिका मात्र मोफतच आहे. सकाळी सातला दार उघडतं तेव्हा तिथे असा. मायकेलअँजेलोच्या पिएता (मृत येशूला मांडीवर घेतलेल्या मेरीचं शिल्प) या शिल्पाच्या काचेसमोर आम्ही मोजून सहा माणसं होतो. दहा वाजता बाहेर पडलो तेव्हा तपासणीची रांग चौकाला वळसा घालून गेली होती.

पहिला रविवार वापरायचा तो ऑस्तिया आंतिकासाठी. रोमचं हे जुनं बंदर. पिरामिदेजवळच्या पोर्ता सान पाओलो स्टेशनातून दीड युरोच्या त्याच शहरी तिकिटावर अर्ध्या तासात पोचता येतं. अख्खं गाव उभं आहे: रस्ते, बहुमजली इमारतींच्या भिंती, नाट्यगृह. एका खाणावळीत दगडी कट्टा आहे आणि भिंतीवर पदार्थांचं रंगीत चित्र. सार्वजनिक शौचालयात संगमरवरी बैठका ओळीनं, मध्ये आडोसा नाही. नाट्यगृहामागच्या चौकात जहाजवाल्या व्यापाऱ्यांच्या पेढ्या होत्या. प्रत्येकीपुढे जमिनीवर काळ्या-पांढऱ्या खड्यांची पाटी: कुठे जहाज, कुठे मासा, एके ठिकाणी हत्ती. डबा घेऊन जा. झाडांखाली जागा भरपूर आहे, आम्ही थालीपीठ आणि संत्री खाल्ली. आत सावली कमी, टोपी हवी.

आणखी अर्धा दिवस असेल तर मेट्रोनं जुलिओ आग्रिकोला स्टेशन गाठून जलवाहिन्यांच्या बागेत जा. उंच कमानींची रांगच्या रांग गवतातून गेली आहे आणि खाली लोक कुत्री फिरवताहेत. तिकीट नाही, पर्यटक जवळजवळ नाहीत.

खिशावर हात

गर्दीची ६४ नंबरची बस आणि मेट्रो, इथे पाकिटमार तरबेज आहेत. पाठपिशवी पोटावर घ्या. मनगटात दोरा बांधणारा, गुलाब हातात देणारा, रोमन शिपायाच्या वेशात फोटोला उभा राहणारा, कोणीही "भेट" देत नाही. हात खिशात आणि पाय चालू.

परतीची सकाळ

सहा दिवसांत विमान, व्हिसा आणि मुक्काम सोडून आम्हा दोघींचा दिवसाचा खर्च पन्नास युरोंच्या आत राहिला, संग्रहालयांची तिकिटं धरून. पहिला दिवस धरला तरीसुद्धा.

परतताना एफएल-१ चं कागदी तिकीट घेतलं तर फलाटावरच्या यंत्रात शिक्का मारायला विसरू नका. मी विसरले होते, गाडी सुटायला दोन मिनिटं असताना आईला आठवलं. उरलेली चिल्लर रुपयांत बदलून मिळत नाही. आम्ही ऑस्तिएन्से स्टेशनासमोरच्या बारमध्ये गेलो, काउंटरवर नाणी ओतली, मोजली. दोन कॅपुचिनो झाल्या आणि वीस सेंट उरले. उभ्यानंच प्यायलो.